घोंगडीखालचा पेंटर

बीडकडे निघालो आहे असं पेठेत सांगितलं तेव्हा जो तो म्हणाला, "तिकडे काय ठेवलंय?" आता परत आल्यावर तेच लोक रस्त्यात गाठून विचारतात, "काय काय पाहिलंस?" प्रत्येकाला निराळं सांगता सांगता माझा घसा बसला, म्हणून एकदाच कागदावर उतरवून मोकळा होतो. निजामाचा मुलूख, डोंगर, खाणंपिणं यांची ज्यांना हौस असेल त्यांच्यासाठी तेही यात आहे. पण आधीच सांगून ठेवतो, या पंधरा-सोळा दिवसांत मी पाहिलं कमी आणि जळलो जास्त.

मी नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवतो. राजवाडा, अरण्य, तुरुंग, जे सांगाल ते. मुंबईच्या चित्रशाळेत तीन वर्षं काढलेली आहेत, उगाच हात काळे केलेला माणूस नव्हे. पण पडदेवाल्याचं नशीब असं की नाटक सुरू झालं की लोक नटाकडे बघतात आणि संपलं की चपला शोधतात. वीस वर्षांत माझ्या अरण्याला कुणी एक टाळी दिलेली नाही.

दामू माझा लहानपणापासूनचा मित्र. घड्याळं दुरुस्त करतो. त्याने मुंबईहून हलत्या चित्रांचा एक जुना कॅमेरा पैदा केला. लाकडी पेटी, बाजूला दांडा. दांडा गरागरा फिरवला की आत फिल्म सरकते आणि समोरचं हलतंडुलतं चित्र तिच्यावर उमटतं. देवांच्या आणि राक्षसांच्या फिल्मा सगळेच काढतात, दामूच्या डोक्यात भलतंच शिरलं होतं.

"चित्रकार आपापल्या जागी बसून काम करतायत, एवढंच दाखवायचं," तो म्हणाला. "गोष्ट नाही, राजा नाही, मारामारी नाही. माणूस रंग कसा लावतो, बस."

"कोण बघणार रे असलं?"

"तू बघशील. कारण शेवटचा चित्रकार तूच."

मग मी काय बोलणार? बेत असा ठरला. बीडला दामूचा मेहुणा वकिली करतो. त्याने लिहिलं होतं की तिथे पत्र्याच्या पेट्या रंगवणारा एक नामी उस्ताद आहे. फिल्मची रिळं तीन. पहिलं उस्तादाचं, दुसरं वाटेत कुणी सापडेल त्याचं, आणि तिसरं सबंध माझं. धारूरच्या किल्ल्याच्या तटावर उभा राहून मी चित्र रंगवतो आहे, मागे बालाघाटाचे डोंगर. मी डोक्याला बांधायचा नवा जरीचा रुमाल घेतला, आरशासमोर कुंचला धरून उभा राहून पाहिलं. सौभाग्यवती स्वयंपाकघराच्या दारातून बघत होती.

करोडगिरीचा नाका

नगरपासूनची बैलगाडी, हाडं खिळखिळी होणं वगैरे सोडून देतो. इंग्रजी हद्द संपून निजामाची लागते तिथे करोडगिरीचा नाका आहे, म्हणजे जकातीचा. तिथल्या जमादाराने आमच्या पेट्या उतरवल्या. कॅमेरा बघून त्याला वाटलं ही कसली तरी बंदूक. दामूने त्याला हसत हसत भिंगातून बघायला लावलं. शिपाई लांब उभे राहून हातवारे करत होते, जमादार एक डोळा मिटून "वा! क्या बात है!" करत होता. दामूला खुर्ची आली, पान आलं.

माझ्या रंगपेटीतून मात्र टर्पेंटाइनची बाटली निघाली.

"ये क्या है? शराब?"

"रंगात घालायचं तेल आहे."

त्याने बूच काढून हुंगलं, शिपायाला हुंगायला दिलं, शिपायाने दुसऱ्या शिपायाला दिलं. तिघांनी मिळून ठरवलं की ही विलायती दारूच असणार, आणि बाटली ठेवून घेतली. दामू पान चघळत म्हणाला, "जाऊ दे रे." त्याचं काय जातंय जाऊ दे म्हणायला! पुढे दोन कोस मी त्याच्याशी बोललो नाही. तो गाडीत लगेच झोपला. त्याच्या झोपेचाही मला हेवा वाटतो, लहानपणापासून.

निजामाच्या हद्दीतल्या शिरूरला मुक्काम झाला. कासारांच्या आळीत बांगड्यांची दुकानं, बाकी सगळा माळ. आमच्याकडे श्रावणात डोळ्यांना हिरव्याचा कंटाळा येतो. इथे पावसाने एकदा तोंड दाखवून पाठ फिरवलेली, बाजरी गुडघ्याशी थांबलेली. पण ज्या घरी उतरलो तिथे भाकरीबरोबर येसर घातलेली आमटी मिळाली. धान्यं आणि मसाले भाजून दळलेलं ते येसर, लाल तर्री, डोळ्यांतून पाणी काढणारी. मी तीन वाट्या प्यालो आणि दुसऱ्या दिवशी पस्तावलो. दामू पाच प्याला, त्याला काही झालं नाही.

बीड

उस्तादाचं दुकान नदीच्या अलीकडे, बाजाराच्या तोंडाशी. साठीचा माणूस, मेंदी लावलेली दाढी, डोळ्यांत सुरमा. लग्नात मुलीला द्यायच्या पत्र्याच्या पेट्या तो रंगवतो. हिरव्या जमिनीवर गुलाब, गुलाबावर पोपट, आणि झाकणाच्या आत, जिथे कुणाला दिसणार नाही तिथे, एक लहानसं कबूतर.

"आत कशाला?" मी विचारलं.

"लडकी पहिल्या बार सासरी पेटी खोलती ना," तो म्हणाला, "तवा रोती. म्हणून तिच्यासाठी एक. बाहेरचे सब लोगांसाठी."

असलं काही मला का सुचत नाही? माझ्या अरण्यात एक तरी पाखरू मी कुणासाठी काढलं होतं का? मी मनात म्हटलं, रेषा बघा, पोपटाची चोच वाकडी आहे. खरोखरच जरा वाकडी होती. तेवढाच आधार.

उजेडासाठी उस्तादाला अंगणात बसवलं. कॅमेरा मांडला, गल्ली गोळा झाली. दामू म्हणाला, "उस्ताद, रोजच्यासारखं काम करा, आमच्याकडे बघू नका." उस्तादाने मान हलवली, कुंचला बुडवला, पोपटाच्या शेपटीजवळ नेला. दामूने दांडा फिरवायला घेतला, "एक-दोन, एक-दोन" असं तोंडाने मोजत. आणि उस्ताद जो थिजला तो थिजला! हात अधांतरी, पापणी हलेना, श्वाससुद्धा कोंडलेला. दामू ओरडतोय, "हाथ चलाओ, उस्ताद!" उस्तादाचा चेहरा लाल, मग जांभळा. रीळ संपता संपता त्याने भसकन श्वास सोडला आणि अभिमानाने विचारलं, "बराबर हुआ ना? जरा बी हल्ल्या नै मैं!"

झालं होतं असं की बारा वर्षांपूर्वी औरंगाबादेला त्याने एकदा फोटो काढवला होता. फोटोवाल्याने दम दिला होता, हल्ना नक्को, हललास तर तोंड पुसून जाईल. तेव्हापासून त्याच्या मनात पक्कं. फोटोची पेटी दिसली की दगड व्हायचं. चित्र हलतं हे त्याला आम्ही सांगितलं होतं, पण त्याला वाटलं हलवायचं काम पेटीचं, आपलं नव्हे.

मी हसून हसून खाली बसलो. मग एकदम ध्यानात आलं की तीनांतलं एक रीळ गेलं, आणि हसू जागच्या जागी विरलं. "आता?" मी विचारलं.

"आता दुसरं यालाच," दामू म्हणाला. "असा माणूस सोडायचा नाही."

"आणि तिसरं?"

"तिसरं तुझं. सांगितलंय ना."

दुसऱ्या दिवशी उस्ताद छान हलला. पोपट असा झरझर उतरवला की गल्लीतली पोरंबाळं गप्प झाली. निघताना त्याने मला मिठी मारली, म्हणाला, "तुम भी कारीगर, हम भी कारीगर." मिठी मीही मारली. पण एक सबंध रीळ त्याचं झालं हे त्या मिठीतसुद्धा मी विसरलो नव्हतो.

धारूर

बीडहून धारूरला जाताना वाट हळूहळू चढू लागते आणि उजाड माळाचा एकदम डोंगर होतो. सीताफळीची रानं, झाडांवर लहान हिरवी फळं, अजून महिनाभराने पिकणारी. घाटात ऊन आणि ढग यांचा लपंडाव चाललेला. किल्ला पाहिला आणि जीव सुपाएवढा झाला. तटावरची एक जागा मी लगेच हेरली. इथे मी, इथे चित्र टेकवायचा लाकडी घोडा, मागे दरी. दामूही म्हणाला, "फक्कड!"

उतरलो गावच्या पाटलांकडे. भला माणूस, रांगडा, दर वाक्याला मांडी ठोकणारा. गौरीचे दिवस जवळ आले होते. इकडे गौरींना महालक्ष्म्या म्हणतात. ज्येष्ठा आणि कनिष्ठा अशा दोन बहिणी, मातीचे मुखवटे घालून उभ्या करायच्या. पाटलांच्या मुखवट्यांना तडा गेला होता, नवे करायला टाकले होते.

"तुमी चित्राचे मानसं," पाटील म्हणाले, "मंग आमच्या भागू कुंभारनीला बगा की. तिच्यावानी डोळे काडनारं ह्या मुलखात न्हाई कुनी. मी परवाच गेलतो तिकडं."

मी पटकन म्हणालो, "आम्हाला वेळ नाही हो." पण दामूचे कान उभे राहिले होते.

कुंभारआळीतलं तिचं घर म्हणजे मातीच्या भिंती आणि वर मातीचंच सपाट माळवद. खिडकी नाही. छपराच्या मध्यावर हातभर रुंदीचं एक भोक, त्याला साणं म्हणतात. त्यातून उन्हाचा एक पट्टा खाली उतरतो, तेवढाच उजेड. भागूबाई त्या पट्ट्यात बसून काम करत होती. साठीच्या पुढची, वाळलेली, कपाळाला भस्म, हिरवं लुगडं रंगांनी बरबटलेलं. आम्ही बोलत असताना ऊन सरकलं. तिने बोलणं न थांबवता बसायचा पाट हातभर पुढे ओढला, मुखवटे ओढले, रंगाच्या करवंट्या ओढल्या. थोड्या वेळाने पुन्हा. सकाळी ती चुलीपाशी असते आणि दिवस कलताना दारापाशी पोचते, असं तिची सून म्हणाली. चित्रशाळेत आम्हाला उत्तरेच्या उजेडाच्या मोठमोठ्या खिडक्या होत्या आणि तरी आम्ही कुरकुर करत होतो.

मुखवट्यांना पिवडीचा पिवळा रंग झाला होता, ओठ लाल, नाकात नथ रेखलेली. डोळ्यांच्या जागी पांढरं. बुबुळं नव्हती.

"बुबुळं कधी?" दामूने विचारलं.

"परवा. सगळ्यात शेवटी. दोगींचे संगंच."

"संगं म्हणजे एकापाठोपाठ?"

"न्हाई बा! एकाच टायमाला." तिने दोन्ही हात वर केले. दोन हात, दोन कुंचले, खारीच्या शेपटीच्या केसांचे. "दोगी बहिनी हाईत न्हवं. एकीचे डोळे आदी उघडले तर ती आदी घर बगती. मंग दुसरीच्या मनात येतंय, हिला आदी अन् मला मागून. मंग वरीसभर त्या घरात कुरकुर. म्हणून दोगींचे उजवे डोळे एकदम, अन् डावे एकदम."

"देवीलासुद्धा हेवा वाटतो?" मी विचारलं.

"वाटतंय की. का, बाप्यायला वाटत न्हाई?"

तिने सहज विचारलं होतं. मी करवंट्या बघायला लागलो.

मग तिनेच दोन फुटके मुखवटे पुढे केले. "पुन्याचे पेंटर हाव म्हणता. करून बगा." आता नाही कसं म्हणणार? दोन्ही हातांत कुंचले धरले, काजळात बुडवले, एकदम टेकवले. उजव्या हाताचं बुबुळ बरं आलं. डाव्या हाताचं नाकाकडे घसरलं. देवी चकणी झाली. सून पदर तोंडाला लावून पळाली. दामू तर उघड हसला. भागूबाई हसली नाही, तिने अंगठ्याने ते पुसलं आणि म्हणाली, "एका हाताकडं बगितलं तुमी. बगायचं न्हाई कुनाकडंच." हे जास्त लागलं. हसली असती तर बरं झालं असतं.

परत येताना दामू हवेत दांडा फिरवत चालला होता. त्याची ही लक्षणं मला ठाऊक आहेत.

"बोलून टाक," मी म्हणालो.

"गोविंदा, तिसरं रीळ…"

"माझं आहे."

"तुझंच आहे. पण असं कुणी कुठे पाहिलंय का सांग? दोन हात, दोन देवी! तू पुण्यात आहेसच, तुझं मी केव्हाही काढीन."

"केव्हाही म्हणजे कधीच नाही."

त्याने दोन्ही हातांनी डोकं खाजवलं. "बरं, असं करू. तिचं फक्त बुबुळांचं घेतो. उजेड गेला की मी दांडा थांबवतो. उरेल ती फिल्म तुझी. तटावर, रुमाल बांधून. शपथ."

मी हो म्हणालो. काय करता? पण अंगाचा तिळपापड झाला होता. पाटलांकडे शेंगदाण्याची चटणी आणि धपाटे होते, दही होतं, आणि मी दामूच्या ताटातले घास मोजत होतो. एक कुंभारीण, जिने कागद बघितला नसेल, चित्रशाळा बघितली नसेल, ती माझी जागा घेते आणि तिला ते माहीतसुद्धा नाही! जिला माहीत नाही तिच्यावर रागावता येत नाही, हीच तर पंचाईत.

परवाचा दिवस

आता जे लिहितो आहे ते कुणालाच सांगितलेलं नाही, दामूलासुद्धा.

साण्याचा उजेड फिल्मला पुरणार नव्हता. भागूबाई अंगणात यायला तयार नव्हती. देवीचे डोळे उघड्यावर काढत नाहीत. म्हणून दामूने पाटलांकडचा मोठा आरसा आणला. उन्हाच्या पट्ट्यात कुणीतरी आरसा मांडीवर धरून बसायचं आणि ते ऊन भागूबाईच्या हातांवर आणि तिच्या पुढ्यात उताणे ठेवलेल्या दोन्ही मुखवट्यांवर टाकायचं. कुणीतरी म्हणजे मी.

आणि एवढ्यानं भागलं नाही. भागूबाईच्या पलीकडे, भिंतीला टेकून मला बसावं लागणार होतं, म्हणजे कॅमेऱ्याच्या ऐन तोंडासमोर. चित्रात मी दिसता कामा नये. दामूने पाटलांची काळी घोंगडी आणून माझ्या डोक्यावरून पांघरली, डोळ्यांपुरती फट ठेवून. मुंबईच्या चित्रशाळेत शिकलेला पेंटर, फिल्ममध्ये यायला म्हणून निघालेला, भाद्रपदाच्या उकाड्यात मेंढराचा वास येणाऱ्या घोंगडीखाली आरसा धरून बसला. नवा रुमाल आत घामाने भिजत होता.

माध्यान्हीला ढग आले. आम्ही वाट पाहिली. ढग गेले, पट्टा लख्ख खाली आला, मी ऊन तिच्या हातांवर टाकलं. दाराशी दामूचा दांडा सुरू झाला, एक-दोन, एक-दोन. भागूबाईने दोन्ही कुंचले काजळात बुडवले. तिच्या तोंडावर काहीच नव्हतं, पूजा नाही, काळजी नाही, कॅमेरा तर नाहीच. दोन्ही हात एकदम पुढे गेले. उजवे डोळे झाले. इतके सारखे की मी घोंगडीखाली "आई गं" म्हणालो.

डाव्या डोळ्यांसाठी तिने हात उचलले. कुंचले मुखवट्यांपासून बोटभर अंतरावर आले. आणि माझ्या मनात आलं, आत्ता उजेड गेला तर दामू थांबेल. उरलेली फिल्म माझी. आणि हिचं हे, हे जे मला सात जन्मांत येणार नाही, ते जगाला दिसणार नाही.

हात सरकला असं मी नंतर दामूला सांगितलं. वाचकहो, हात सरकला नव्हता. मी आरसा वर उचलला.

घोंगडी मागे घसरली आणि ऊन तिच्या हातांवरून निघून माझ्याच तोंडावर आलं. डोळे दिपले, गालांना ऊब लागली. खोली काळीठिक्कर. मनात मी मोजलं असेल फार तर पाच. दाराशी दांडा फिरतच होता, एक-दोन, एक-दोन. मी घाबरून आरसा खाली केला. उजेड परत मुखवट्यांवर पडला.

चारही डोळे उघडे होते. दोघी माझ्याकडे बघत होत्या. भागूबाई कुंचले पाण्यात धूत होती.

थोड्या वेळाने दांडा थांबला. "संपलं रीळ," दामू म्हणाला.

भागूबाईने माझ्याकडे पाहिलं. "मदी उजेड गेलता. कावून?"

"हात दुखला."

"हां. जड हाय आरसा," ती म्हणाली.

"पण तुम्ही अंधारात…"

"कुंचला टेकल्यावर उजेड कशाला लागतोय? हात निगाला व्हता." तिने सुनेला हाक मारली, "त्यान्ला ताक दे गं, घामानं भिजलेत." मी ते ताक प्यालो. फार चांगलं ताक होतं, आणि मला तिथून पळून जावंसं वाटत होतं.

तट दुसऱ्या दिवशी पाहिला, नुसताच. चित्राचा घोडा गाडीतच राहिला.

पुणे

फिल्म धुऊन आल्यावर दामूने मला दुकानात बोलावलं आणि पट्टी खिडकीच्या उजेडात धरली. बारीक बारीक चौकटी. भागूबाईचे दोन हात. मग अंधार, आणि अंधाराच्या मधोमध घोंगडीतून बाहेर आलेलं माझं तोंड. खालून ऊन पडलेलं, ओठ आवळलेले, डोळे तिच्या हातांवर रोखलेले. माझं स्वतःचं तोंड मी कधी असं पाहिलं नव्हतं.

"उजेड गेला तर थांबणार होतास ना?" मी कसाबसा म्हणालो.

"थांबणारच होतो. तेवढ्यात तुझं तोंड दिसलं."

तो ओरडला असता तर मी भांडलो असतो. तो पट्टी गुंडाळत राहिला. "कापून टाक ते," मी म्हणालो. त्याने लगेच कात्री घेतली, तेवढा तुकडा काढला, टोकं चिकटवली. मित्र चांगला आहे, हेही मला सोसत नाही.

चार दिवसांनी आमच्या मंडळीतल्या दोघा नटांना त्याने फिल्म दाखवली. उस्तादाच्या पोपटाला त्यांनी मान डोलावली. भागूबाईचे हात आले, उजवे डोळे झाले, हात पुन्हा उचलले, आणि टक्क! डावे डोळे तयार. दोघेही हसले.

"दामूअण्णा, ही हातचलाखी! मध्ये कापलंय. आधी काढून ठेवले असणार."

"म्हातारी एकेक करून काढते आणि तुम्ही जोडता, होय ना?"

"नाही!" मी उभाच राहिलो. "मी होतो तिथे. एकदम काढले तिने, दोन्ही हातांनी. आणि तेही अंधारात!"

"अंधारात? मग तर झालंच," एक जण म्हणाला, आणि दुसऱ्याने मांडीवर थाप मारली.

माझा आवाज चढला. त्या बाईला लबाड म्हणतात! पुण्यात खुर्चीवर बसून! मी सांगत होतो, हात करून दाखवत होतो, आणि जितकं सांगत होतो तितके ते हसत होते. दामू माझ्याकडे बघत होता. कापलेला तुकडा त्याच्या घड्याळांच्या डबीत होता, ते त्यालाही ठाऊक होतं आणि मलाही.

ते दोघे गेल्यावर मी ती डबी उचलून दामूपुढे ठेवली. मग म्हणालो, "चिकटव परत."

"गोविंदा, लोक हसतील."

"हसू देत. चिकटव म्हणतो ना."

गेल्या रविवारी दामूच्या माडीवर, दारं-खिडक्या लावून, तीसेक माणसांसमोर फिल्म झाली. बायका मागे बसल्या होत्या, आमची सौभाग्यवतीही. उस्ताद झाला. भागूबाई आली. उजवे डोळे झाले, हात उचलले गेले, अंधार झाला, आणि भिंतीवरच्या पांढऱ्या चादरीवर दोन हात उंच असं माझं तोंड उमटलं. ओळखायला कुणाला वेळ लागला नाही. पुढून कुणीतरी फिस्सकन हसलं, मग सगळी माडी हसली. हसतायत तोवर उजेड परत आला आणि चारही डोळे उघडे.

हसणं मध्येच तुटलं. कुणीतरी म्हणालं, "अरे, अंधारात काढले!" आणि मग टाळ्या. त्या थांबेचनात. मीही वाजवल्या. तळहात लाल होईपर्यंत वाजवल्या, आणि तरीसुद्धा आत, अगदी आत, वाटतच होतं की यातल्या दोन तरी माझ्या असत्या तर.

घरी जाताना सौभाग्यवती चार पावलं मागून चालत होती. वळणावर आल्यावर म्हणाली, "ते तोंड मला ठाऊक आहे."

"कुठलं?"

"घोंगडीतलं. दारापुढच्या माझ्या रांगोळीला आल्यागेल्याने चांगलं म्हटलं की तुमचं तस्संच होतं. वीस वर्षं बघते आहे." रागावून नव्हे, पावसाची उघडीप झाली म्हणावं तसं म्हणाली आणि पुढे गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती उंबऱ्यापुढे रांगोळी घालत होती. एरवी मी ओलांडून जातो. त्या दिवशी उभा राहिलो आणि पहिल्या ठिपक्यापासून शेवटच्या रेघेपर्यंत पाहिली. चांगली होती. ते तोंडातून निघायला मात्र दुपार झाली.